नखातलं पाणी

शनिवारी नखं कापत नाहीत, हे शेंबडं पोरही सांगेल. पण कोर्टाच्या माणसाला कोण सांगणार? तो शहरातून जीप घेऊन आला तो नेमका शनिवारी, आणि समाजमंदिराच्या ओट्यावर टेबल मांडून म्हणाला, "चला, एकेक जण या. उजव्या अंगठ्याच्या नखाचं एवढंसं टोक कापायचं, पाकिटात घालून सील करायचं. झालात तुम्ही अर्जदार."

आमचा कवठी टोला म्हणजे त्रेचाळीस घरांची वस्ती. सगळी माणसं ओट्यासमोर उभी होती, पण पुढे कोणी सरकेना. म्हातारे एकमेकांकडे बघत होते. माझे मालक, दिवाकर, त्या माणसाला म्हणाले, "सोमवारी या ना भाऊ. नखं काय पळून चालली?"

"सोमवारी मी दुसऱ्या तालुक्यात. आज नाव लागलं तर लागलं."

मला राग लवकर येतो, आणि राग आला की मला वार दिसत नाही. पंधरा वर्षं आम्ही पाण्यासाठी कोर्टाच्या चकरा मारतोय, आणि आता शनिवार आडवा येतो म्हणे! मी पुढे झाले, अंगठा टेबलावर ठेवला नि म्हटलं, "काप बाबा. शनिमहाराजांचं मी बघून घेईन." माझ्यामागे कुरकुरत आठ जण आले. एकूण नऊ. बाकीचे घरी गेले.

दहावी माधुरी होती, माझी धाकटी जाऊ. लग्नाला सात वर्षं, दोनदा पोट पडलेलं, आणि आता तिसऱ्यांदा दोन महिने झाले होते. तिने अंगठा पुढे केलाही होता. मीच तिचा हात मागे ओढला. "तू नको गं. पोटुशी बाई तू, शनिवार आहे, घरी जा." स्वतः बिनधास्त नख कापून दिलं आणि तिला मात्र शनिवार सांगितला. तेव्हा त्यात मला काही चुकीचं वाटलं नाही.

आमच्या बोअरचं पाणी दिसायला स्वच्छ, चवीला गोड. त्यात फ्लोराइड आहे, ते दिसत नाही. खालच्या खडकातून ते पाण्यात उतरतं, पाण्यातून पोटात, पोटातून रक्तात, आणि रक्तातून हाडात जाऊन बसतं ते बसतंच. टोल्यातल्या पोरांच्या दातांवर तपकिरी पट्टे. चाळिशीत गुडघे आखडतात, पन्नाशीत कंबर वाकते. पोटातल्या गर्भापर्यंतही ते पोचतं. माधुरीचं दोनदा झालं ते त्यामुळेच का, हे डॉक्टर ठामपणे सांगेनात, पण नाही असंही म्हणेनात.

हायकोर्टाने आमच्या बाजूने आदेश दिला त्याला दहा वर्षं झाली. आमच्या वकील रेहाना काझी, तेव्हाही त्याच, आताही त्याच. आदेश झाल्यावर खात्याने तीन महिन्यांत शुद्धीकरण यंत्राची शेड उभी केली, फोटो काढले, कोर्टात प्रतिज्ञापत्र दिलं की आदेशाची पूर्तता झाली. कोर्ट म्हणालं, पूर्तता झाली म्हणजे याचिकेत मागण्यासारखं काही उरलं नाही. याचिका निष्फळ, निकाली. सात आठवड्यांनी शेडला कुलूप. आम्ही पुन्हा गेलो, आदेशाच्या अवमानाची याचिका घेऊन. सुनावणीच्या आठ दिवस आधी टँकर सुरू झाला. पुन्हा फोटो, पुन्हा प्रतिज्ञापत्र, पुन्हा निष्फळ. एकोणिसाव्या दिवशी टँकर बंद. पाणी यायचं ते याचिका जिवंत असेपर्यंत. आणि गंमत बघा, कागदावर दोन्ही वेळा आम्हीच जिंकलो होतो!

तिसऱ्यांदा गेलो तेव्हा कोर्टच फोटोंना कंटाळलं होतं. म्हणून नखवाचक यंत्र आलं.

त्यामागचं शास्त्र काझी मॅडमनी मला माझ्याच घरी, शिलाई मशीनच्या स्टुलावर बसून समजावलं. मी लेडीज टेलर, ब्लाऊज शिवते. त्या माप द्यायला आल्या की कोर्टाचंही बोलणं व्हायचं. "ललिताताई, नख तयार होतं ते कातडीखाली, मुळाशी," त्या म्हणाल्या. "ज्या दिवशी त्याचा जो कण तयार होतो, त्या दिवशी रक्तात जे असेल ते त्यात कोंडलं जातं. मग नख रोज मिलिमीटरचा दहावा भाग पुढे सरकतं. टोकापर्यंत पोचायला पाच-सहा महिने. म्हणजे तुमच्या अंगठ्यावर मागच्या पाच महिन्यांची रोजनिशी आहे. फक्त वाचता आली पाहिजे."

ती वाचणारं यंत्र जेवणाच्या डब्याएवढं. अंगठा आत घालायचा. लेझरचा किरण नखावर मुळापासून टोकापर्यंत डोळ्यांना न दिसणारे ठिपके जाळत जातो. प्रत्येक ठिपक्याची वाफ क्षणभर चमकते, आणि त्या चमकेच्या रंगांवरून त्यात फ्लोराइड किती ते मोजलं जातं. पडद्यावर तारखेवार एक रेघ उमटते. पाणी वाईट असेल तर रेघ वर, चांगलं असेल तर खाली. आणि नखवाचक कुठलाही असो, दवाखान्यातला की कोर्टातला, जे वाचलं ते त्याच क्षणी कोर्टाच्या नोंदीत जातं. मध्ये कोणी खोडू शकत नाही, लपवू शकत नाही. तसा कायदाच केला होता.

"फोटो खोटा काढता येतो," मॅडम म्हणाल्या, "नख खोटं वाढवता येत नाही."

बाई हुशार, यात वाद नाही. पण खात्यात काय सगळे बिनडोक बसले होते? नखं तपासायची कुणाची, तर नऊ जणांची. मग पाणी द्यायचं कुणाला? नऊ जणांना!

दोन महिन्यांनी समाजमंदिरामागे छोटं शुद्धीकरण यंत्र बसलं आणि नऊ कार्डं आली. कार्ड लावून अंगठा टेकवला की दिवसाला सहा लिटर पाणी. दर तीन महिन्यांनी नख वाचून घ्यायचं, तरच कार्ड पुढे चालू. शिवाय एका कागदावर सही, की हे पाणी मी दुसऱ्या कोणास देणार नाही. सहा लिटरात एका माणसाचं पिणं आणि दोन वेळचं रांधणं भागतं. दोघांचं भागत नाही.

मी मॅडमना फोन लावला. "बाकीच्यांचं काय? माझ्या जावेचं काय?"

"चालू याचिकेत नवं नाव घालता येत नाही, ताई. नवी याचिका टाकू. पण रांग मोठी आहे. पहिला आदेश निघायला पाच वर्षं धरा."

माधुरीला तेव्हा चौथा महिना सरत होता.

खोटं कशाला बोलू, पहिले अठरा दिवस ते पाणी मीच प्याले. माझा चहा त्या पाण्याचा, माझं वरण त्या पाण्याचं. मालक बोअरचं पीत होते, शेजारी माधुरी बोअरचं पीत होती आणि मी कॅनवर झाकण घट्ट लावून ठेवत होते. सही केली होती ना! एकोणिसाव्या दिवशी माधुरीच्या पोटात दुखायला लागलं, थोडं रक्त गेलं. दीर तिला दवाखान्यात घेऊन गेला. मूल वाचलं. डॉक्टरीणबाईंनी तिला घरी पाठवताना एवढंच सांगितलं, "बोअरचं पाणी बंद करा, एक घोटसुद्धा नको." जणू आमच्या दारात धरण भरून वाहत होतं. घरी आल्यावर ती मला म्हणाली, "ताई, मी काय करू? उन्हात वाळत बसू का?" आणि हसली. ती हसली आणि मला स्वतःची लाज वाटली. ओट्यावरून मागे ओढलेला तो हात मला दिसायला लागला.

दुसऱ्या दिवशी सकाळी सहा लिटरचा कॅन मी तिच्या चुलीजवळ नेऊन ठेवला. "नऊ जणांत दोघं लेकीकडे गेलेत," मी सांगितलं. "त्यांचं पाणी उरतं. ऑपरेटर ओळखीचा आहे."

"आणि तुम्हाला?"

"माझं मला आहे की."

तिने विश्वास ठेवला. न ठेवून काय करणार होती?

मालकांना मात्र पहिल्याच दिवशी कळलं. मी बोअरच्या हंड्यातून तांब्या भरला तसे ते जेवता जेवता थांबले. "हे काय वं? तुझं पाणी कुठं गेलं?"

"जिथं जायला पाहिजे तिथं."

"काहून? सगळ्या जगाचा पुळका तुलेच आहे का? बोटं बघ आपली. सकाळी उठल्यावर मूठ तरी वळते का तुझी?"

मूठ वळत नव्हती, हे खरं होतं. सुईत दोरा ओवायला मला तीन-तीन वेळा लागायचं. हुक लावायचं काम मी बाहेर द्यायला लागले होते. दवाखान्यात सांगितलं होतं, आता वाईट पाणी थांबलं तर दुखणं आहे तिथं थांबेल. मी मालकांना म्हटलं, "पाच महिन्यांचा प्रश्न आहे. मग पिईन ना चांगलं. कोणाला बोललात तर याद राखा." ते ताट सरकवून उठले आणि दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. पण बाहेर बोलले नाहीत.

तीन महिन्यांनी नखं वाचायला माणूस आला. आठ जणांच्या रेघा उतरलेल्या, अगदी घसरगुंडी. माझी रेघ थोडी उतरून पुन्हा वर चढलेली. तो यंत्राला चापट्या मारायला लागला. संध्याकाळी काझी मॅडमचा फोन.

"ताई, खरं सांगा. तुम्ही पाणी विकताय का?"

असा संताप आला मला! "मॅडम, तुमचे ब्लाऊज मी दहा वर्षं शिवते. कधी हातभर कापड खाल्लं का?"

त्यांनी विचारलं, "मग काय करताय?"

"मला नाही सांगायचं."

"नका सांगू. पण एक लक्षात घ्या. बाकी आठ जणांचं निष्फळ झाल्यात जमा आहे. याचिका आता फक्त तुमच्या अंगठ्यावर उभी आहे. तो अंगठा सुधारला की याचिका संपली, आणि याचिका संपली की ते यंत्र किती दिवस चालेल, हे तुम्ही मला सांगा."

हे मी मनात आणलंच नव्हतं. मी आपली जावेला पाणी देत होते, एवढंच. आणि आता कळलं, की मी चांगलं पाणी प्यायले तर माधुरीचंही बंद होणार. त्या रात्री मला झोप लागली नाही. उठून दोनदा हंड्यातलं बोअरचं पाणी प्याले. तेवढं तरी मनापासून प्याले.

माधुरीला मुलगी झाली. पुरे दिवस भरून, तीन किलोला जरा कमी. तालुक्याच्या दवाखान्यात आमच्यासारख्या गावांतल्या प्रत्येक बाळाचं नख वाचतात; गर्भात असतानाचं पाणी त्याच्या नखात असतं. दाईने ते इवलंसं बोट यंत्रात धरलं. पडद्यावर रेघ आली. सुरुवातीला थोडी वर, मग एका तारखेला जी उतरली ती शेवटपर्यंत खाली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "कवठी टोल्याचं बाळ, आणि एवढं स्वच्छ? मी पहिल्यांदा बघतेय." मला रडूच आलं. दवाखान्याच्या पॅसेजमध्ये, सगळ्यांसमोर, बाप्पा, मी हुंदके देऊन रडले. माधुरीला वाटलं मी बाळासाठी रडतेय. बाळासाठीच रडत होते.

मुलीचं नाव अन्वी ठेवलं. बारशाला महिना झाला नाही तोच सुनावणी आली.

सरकारी वकील देशकर म्हणून होते, बोलायला गोड. ते उभे राहिले आणि म्हणाले, "माय लेडी, नऊपैकी आठ अर्जदारांची नखं स्वच्छ आहेत. नववी अर्जदार रोज सहा लिटर पाणी घेते, तशी नोंद आहे. तरी तिचं नख वाईट. म्हणजे ती मुद्दाम वाईट पाणी पिते, याचिका जिवंत ठेवण्यासाठी. आणि टोल्यात शुद्ध पाणी पोचलं आहे याचा याहून मोठा पुरावा माझ्याकडे आहे. हे पाहावं." मोठ्या पडद्यावर एक रेघ उमटली. "हे टोल्यात नुकत्याच जन्मलेल्या बाळाचं नख. याची आई अर्जदार नाही. तरी नख स्वच्छ. आदेशाची पूर्तता झाली. याचिका निष्फळ ठरवावी."

आमच्या अन्वीचं नख! जी रेघ बघून मी रडले होते, तीच रेघ त्यांनी आमच्या गळ्याला लावली. काझी मॅडमनी माझ्याकडे बघितलं. त्यांना त्या क्षणी कळलं असावं, पण बोलायचं त्यांनी माझ्यावर सोडलं. गप्प बसले तर याचिका जाणार. खरं सांगितलं तर सही मोडली म्हणून माझं कार्ड जाणार. दोन्हीकडून माधुरीच्या घरचं पाणी तुटत होतं. पण गप्प बसणं माझ्या स्वभावात नाही.

मी उठले. गुडघे धरून उठावं लागलं. "बाईसाहेब, माझं नख त्याच्याखाली लावा."

न्यायमूर्ती बाईच होत्या, चष्मा नाकावर आलेला. "कशासाठी?"

"लावा तर खरं."

नोंदीतून माझी जुनी वाचनं काढली, तारखा जुळवून दोन्ही रेघा एकाखाली एक आणल्या. अठरा दिवस माझी रेघ उतरत होती आणि बाळाची वर होती. मग एका तारखेला बाळाची खाली वळली, आणि त्याच तारखेला माझी वर. तिथून पुढे पाच महिने एक खाली नि एक वर.

"हे पाणी खात्याने दिलं त्या बाळाला?" मी विचारलं. "हे माझं पाणी आहे. सही मोडली मी. काय शिक्षा करायची ती करा. पण हे पोचलं म्हणून सांगू नका."

देशकर म्हणाले, "म्हणजे अर्जदाराला पाणी मिळालं, हे तिनेच मान्य केलं. तिने ते कोणाला दिलं, हा प्रश्न कोर्टापुढे नाही."

"मग कोर्टापुढे काय आहे?" न्यायमूर्ती म्हणाल्या. "मूळ आदेश काढा. दहा वर्षांपूर्वीचा. यंत्राचा तक्ता नको, आदेशच."

शोधायला वीस मिनिटं गेली. त्यांनी तो स्वतः वाचला, मोठ्याने. "कवठी टोल्यातील सर्व रहिवाशांना पिण्याचे शुद्ध पाणी कायमस्वरूपी पुरवावे." मग चष्म्यावरून बघून म्हणाल्या, "इथं नऊ कुठं आहेत? वकीलसाहेब, नऊ अंगठे हा पुरावा होता. तुम्ही त्यालाच आदेश समजून बसलात. आणि खरं सांगायचं तर आम्हीही." काझी मॅडमनी खाली बघितलं; दहा वर्षांत त्यांनीही तो कागद पुन्हा उघडला नव्हता. "याचिका निष्फळ नाही. बारा आठवड्यांत प्रत्येक घरी नळ. तोपर्यंत या बाईंचं कार्ड चालू ठेवा आणि बाळाच्या आईला दुसरं कार्ड द्या."

अकराव्या आठवड्यात नळ आले. तलावाजवळच्या शुद्धीकरण केंद्रापासून पाइप टाकला, टोल्यात टाकी बांधली, त्रेचाळीस घरांत त्रेचाळीस नळ. लोकांनी तोट्यांना हार घातले. मी पोटभर पाणी प्याले, मालकांनी दोन तांबे प्याले आणि म्हणाले, "बेचव आहे पण."

त्या गडबडीत माधुरी मला टाळत होती. कोर्टातलं सगळं तिच्या कानावर गेलं होतं. तिसऱ्या दिवशी ती आली ती भांडायलाच. अन्वी कडेवर.

"मी सांगतलं होतं का तुम्हाला? माझ्या लेकरासाठी तुमची बोटं वाकडी करा म्हणून? खोटं बोलून पाजलं मला! मी प्याली तरी असती का ते?"

"म्हणूनच खोटं बोलले."

"मी तर नख कापायलाच निघाली होती, ताई. तुम्हीच मागं ओढलं."

"हो," मी म्हटलं. "मीच ओढलं. रोज आठवतं मला ते. त्याचंच पाणी होतं ते, माधुरी. उपकार नव्हते."

ती मटकन खाली बसली आणि रडायला लागली. मग अन्वीही रडायला लागली. मी तिला घ्यायला हात पुढे केले, पण बोटांनी नीट धरता येईना, म्हणून कोपरांत घेतली. ते बघून माधुरी जास्तच रडली. म्हणाली, "आता तरी औषध घ्या."

औषध निघालं होतं. हाडात बसलेलं फ्लोराइड हळूहळू बाहेर ओढणारं, नवीन. पण मात्रा चुकली तर हाडं ठिसूळ होतात, म्हणून दर महिन्याला नख वाचून मात्रा ठरवायची. डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या, दीड वर्षात सुई धरता येईल. मी तर तारीखही घेऊन ठेवली होती.

दवाखान्यात जायच्या आदल्या दिवशी टाकीपाशी गेले. ऑपरेटर खोब्रागडे व्हॉल्व्हला तेल देत होते. साधा, कामसू माणूस. मी सहज विचारलं, "भाऊ, तुमची नोकरी पक्की झाली ना आता?"

"कुठची पक्की, ताई," ते म्हणाले आणि खिशातून घडी घातलेलं पत्र काढून दाखवलं. पंपाची वीज, क्लोरिन, गाळण्या, त्यांचा पगार, सगळ्याचं कंत्राट त्यात होतं. मुदतीच्या जागी लिहिलं होतं: याचिका निकाली निघेपर्यंत.

मी ते तीनदा वाचलं. खात्याचा रागसुद्धा आला नाही मला, इतकं ते सरळ लिहिलेलं होतं. सुनावणीपासून आधी कार्डाचं आणि मग नळाचं चांगलं पाणी प्यायला लागून मला चार महिने झाले होते. नख वाचलं तर रेघ खाली असणार. आणि दवाखान्यात वाचलं तरी ते कोर्टाच्या नोंदीत जाणार. औषध सुरू म्हणजे याचिका संपली. शेवटचं नख माझंच उरलं होतं.

काझी मॅडमना विचारलं, "नमुना दिलाच नाही तर?"

"नमुना नाही तर निकाल नाही, असा नियम आहे. कोणी जबरदस्ती करू शकत नाही. पूर्वी कार्डासाठी द्यावा लागायचा, आता कार्ड नाही." मग त्या चिडून म्हणाल्या, "पण ताई, वेडेपणा करू नका. हात तुमचे आहेत!"

"पाणी त्रेचाळीस घरांचं आहे."

मालक ओरडले, माधुरी पाया पडली, दिराने समजावलं. सगळे म्हणत होते की या वेळी बंद नाही होणार, पाइप टाकलाय, टाकी बांधलीय. शेडही बांधली होती. मी डॉक्टरीणबाईंची तारीख रद्द केली आणि घरी येऊन खूप रडले. कोणाला दाखवायला नाही. मला खरंच सुई धरायची होती हो.

सुनावणीला माधुरी अन्वीला घेऊन माझ्याबरोबर आली. देशकर या वेळी आवाज न चढवता बोलले. "माय लेडी, आदेशाची पूर्ण पूर्तता झाली आहे. टोल्यातल्या कोणालाही विचारावं. शेवटच्या अर्जदाराचा नमुना तेवढा यायचा आहे. त्या देत नाहीत."

न्यायमूर्तींनी मला पुढे बोलावलं. टेबलावर तो डबा ठेवलेला होता, अंगठ्याएवढं भोक माझ्याकडे करून.

"बाई, नमुना का देत नाही?"

"चांगला येईल म्हणून."

मागे कोणीतरी हसलं. त्या हसल्या नाहीत. "चांगला आला तर वाईट काय?"

मी खोब्रागडेंच्या पत्राची झेरॉक्स पुढे केली. त्यांनी वाचली. देशकरांकडे दिली. देशकरांनी वाचली आणि म्हणाले, "हे कंत्राटाचं नेहमीचं कलम आहे."

"तेच म्हणते मी," मी म्हटलं. "नेहमीचंच आहे. दोनदा आम्ही असेच जिंकलो होतो, बाईसाहेब. फायलीत बघा."

"तुमचं औषध नख वाचल्याशिवाय सुरू होत नाही, हे मला काझी मॅडमनी सांगितलं आहे. औषधासाठीचं वाचन कोर्टाच्या नोंदीतून वगळायला मला आवडलं असतं. पण कायदा तसं करू देत नाही. कोणाला लपवता येऊ नये म्हणूनच तो केला."

"ठाऊक आहे मला."

"उद्या मी खात्याला कंत्राटाची मुदत बदलायला सांगितली तर?"

"सांगा की. ते बदलतील. पूर्तता झाली म्हणून लिहून देतील. मग तुम्ही याचिका निकाली काढाल, आणि मग बघायला कोण आहे?"

न्यायमूर्तींनी ते पत्र पुन्हा हातात घेऊन वाचलं. माधुरी मागच्या बाकावर पोरीला थोपटत होती, आणि पोर कोर्टाचा मुलाहिजा न ठेवता मोठमोठ्याने काहीतरी सांगत होती.

"किती दिवस थांबाल अशा?" न्यायमूर्तींनी विचारलं.

"ती पोर अठरा वर्षांची झाली की माझी वारस म्हणून तिचं नाव लावा माझ्या जागी. तोवर मी येत जाईन."

"अठरा वर्षं. या हातांनी?"

माझे हात मी पदराखाली घेतले. भीती वाटत होती, नाही असं नाही. पण अंगठा मी त्या डब्याजवळ नेला नाही.

त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. मग लघुलेखकाकडे वळून म्हणाल्या, "नमुना उपलब्ध नाही. याचिका प्रलंबित. पुढची तारीख सहा महिन्यांनी." आणि माझ्याकडे बघून हळूच म्हणाल्या, "बाई, सहा महिन्यांनी."

मी म्हटलं, "येते."